रोमन रिपब्लिक सीझरने बुडवलं का? इतिहास शिकवणाऱ्या एकाचं जरा लांबलेलं उत्तर

प्रश्न असा आहे की सीझरने फौजेसकट रुबिकॉन नदी (गव्हर्नरने फौज घेऊन ओलांडायची नाही अशी इटलीची हद्द) ओलांडली आणि रोमन रिपब्लिक संपलं असं सगळीकडे वाचायला मिळतं, पण साडेचारशे वर्षं चाललेली व्यवस्था एक माणूस एका रात्रीत कशी बुडवेल, नक्की बिघडलं कुठे?

मी एम.ए.च्या पोरांना प्राचीन रोम शिकवतो, वीसेक वर्षं झाली, आणि दरवर्षी हाच प्रश्न येतो. माझं उत्तर पण दरवर्षी तेच असतं, सीझर नाही. सीझरच्या ३९ वर्षं आधी सुल्ला नावाचा माणूस रोमन फौज घेऊन रोमवर चालून गेला होता, खरा बांध तिथे फुटला. सीझरने फक्त मळलेली वाट धरली. (सालं सगळी इसवी सनापूर्वीची आहेत, उलटी मोजायची, ८८ आधी आणि ४९ नंतर. निम्मा वर्ग इथेच गंडतो म्हणून आधीच सांगून ठेवतो.)

आधी ८८ सालचा तो किस्सा नीट सांगतो कारण पुस्तकात तो दोन ओळींत गुंडाळलेला असतो. सुल्ला त्या वर्षी कॉन्सल होता, म्हणजे दोन सर्वोच्च पदाधिकाऱ्यांपैकी एक. पूर्वेला पाँटसचा राजा मिथ्रिडेटिस रोमच्या अंगावर आला होता आणि त्याच्यावरच्या मोहिमेची कमान सिनेटने (बड्या घराण्यांतल्या आजी-माजी पदाधिकाऱ्यांची सभा) रीतसर सुल्लाला दिलेली होती. ही मोहीम म्हणजे सोन्याची खाण, आशियातली श्रीमंत शहरं, लुटीला तोटा नाही. म्हातारा मारियस, सहा वेळा कॉन्सल झालेला, सत्तरीला टेकलेला, त्याला पण हीच मोहीम पाहिजे होती. त्याने सुल्पिसियस नावाच्या ट्रिब्यूनला (सामान्य लोकांनी निवडलेला, कायदा मांडू आणि अडवू शकणारा पदाधिकारी) हाताशी धरलं आणि जनसभेत कायदा पास करून कमान स्वतःकडे वळवून घेतली. कायद्याने बघाल तर यात फारसं चूक काही नव्हतं, जनसभा सार्वभौम होती, पण असं कोणी करत नसे. हे "करत नसे" लक्षात ठेवा, कारण रोमला लिखित घटना नव्हतीच, सगळं वाडवडिलांच्या रिवाजावर चालायचं.

सुल्ला तेव्हा नोला शहराजवळ सहा लीजन घेऊन बसला होता. लीजन म्हणजे कागदोपत्री पाचेक हजारांची तुकडी. त्याने सैनिकांना गोळा करून भाषण ठोकलं, त्यात रोमवर चला असं सरळ म्हणालाच नाही, फक्त एवढंच सुचवलं की मारियस पूर्वेला जाताना स्वतःची माणसं नेईल, तुम्हाला नेणार नाही. बस, तेवढं पुरलं. सैनिकच म्हणाले चला रोमला. मारियसने कमान ताब्यात घ्यायला जे अधिकारी पाठवले त्यांना सैनिकांनी दगडांनी ठेचून मारलं. आणि आता महत्त्वाचं, सुल्लाच्या स्वतःच्या अधिकाऱ्यांपैकी एक क्वेस्टर (पैशाचा हिशेब बघणारा अधिकारी) सोडला तर बाकी सगळे त्याला सोडून रोमला पळाले. देशाच्या राजधानीवर फौज न्यायची ही कल्पनाच त्यांच्या पचनी पडेना. एकच जण राहिला. हा आकडा डोक्यात ठेवा, पुढे लागणार आहे.

वाटेत सिनेटचे दूत भेटले, विचारलं स्वतःच्याच देशावर हत्यार घेऊन का चाललास, तर म्हणे जुलमी लोकांच्या तावडीतून सोडवायला. (पुढे बंड केलेल्या प्रत्येकाने हेच उत्तर दिलंय, शब्द तेवढे बदलले.) शहरात शिरल्यावर लोकांनी घरांच्या छपरांवरून दगड कौलं फेकली, तर सुल्लाने जाळून टाकायची धमकी दिली. सुल्पिसियसला त्याच्याच गुलामाने पकडून दिलं, बक्षीस म्हणून त्या गुलामाला आधी स्वातंत्र्य दिलं आणि मग धन्याशी गद्दारी केली म्हणून टार्पियन कड्यावरून ढकलून दिलं. मारियस कसाबसा आफ्रिकेला निसटला.

आता खरा प्रश्न, सैनिकांनी ऐकलं कसं? रोमन शेतकरी-सैनिक सव्वाशे वर्षांपूर्वी कार्थेजच्या हॅनिबलशी लढला तेव्हा त्याच्या जनरलने रोमवर चल म्हटलं असतं तर त्याने जनरललाच वेड्यात काढलं असतं.

इथे थोडं मागे जावं लागतं. जुना नियम असा की ज्याच्या नावावर काही मालमत्ता आहे त्यालाच सैन्यात घ्यायचं, हत्यार त्याने स्वतःचं आणायचं, लढाई संपली की घरी जाऊन नांगर धरायचा. इटलीतल्या इटलीत लढाया होत्या तोवर हे जमलं. पुढे स्पेन, ग्रीस, आफ्रिका सुरू झालं, माणूस सहा सहा वर्षं घरी नाही, शेत पडीक, कर्ज, शेवटी शेजारच्या बड्या जमीनदाराने शेत गिळलं आणि राबायला युद्धात पकडलेले गुलाम आणले. हे चित्र प्लूटार्क आणि अपियन हे नंतरचे ग्रीक लेखक रंगवतात. आता उत्खननवाल्यांनी इटलीत शेतं पालथी घालून बघितलंय, लहान शेतकरी सगळीकडेच संपला होता असं काही दिसत नाही, बऱ्याच भागात तो होता. पण सैन्यभरती अवघड होत चालली होती आणि रोममध्ये जमीन नसलेल्यांची गर्दी वाढत होती, एवढं तरी पक्कं.

१३३ साली टायबेरियस ग्राकस ट्रिब्यून झाला. त्याचं म्हणणं साधं होतं, सरकारी जमीन कोणी ५०० युगेरांपेक्षा जास्त (साधारण ३०० एकर) धरायची नाही हा जुनाच नियम आहे, तो पाळा आणि वरची जमीन गरिबांना वाटा. जंगली जनावराला पण गुहा असते, इटलीसाठी मरणाऱ्याला मात्र हवा आणि उजेड सोडून काही नाही, असं त्याचं भाषण प्लूटार्कने दिलंय. सिनेटवाल्यांनी दुसऱ्या ट्रिब्यूनकरवी व्हेटो घातला, याने त्या ट्रिब्यूनलाच मतदान घेऊन पदावरून काढलं, जे आधी कधी झालं नव्हतं. मग हा लागोपाठ दुसऱ्या वर्षी परत उभा राहिला, ते पण रिवाजाबाहेरचं. मग सिनेटर लोक, चांगले टोगा घातलेले खानदानी लोक, बाकांचे मोडके पाय घेऊन आले आणि त्याला आणि त्याच्या ३०० माणसांना बडवून मारलं, प्रेतं टायबर नदीत. या टोळीचा म्होरक्या कोण तर नासिका, रोमचा मुख्य पुरोहित! दहा-बारा वर्षांनी धाकट्या भावाचं, गायसचं, तेच झालं, फक्त यावेळी मारण्याआधी सिनेटने ठराव करून घेतला. आणि त्याला मारणाऱ्या कॉन्सलने नंतर देऊळ कोणाचं बांधलं तर सलोख्याच्या देवीचं.

मला कोणी विचारलं ग्राकस बरोबर की सिनेट, तर मी म्हणतो दोघांनी रिवाज मोडला, पण एकाने मतपेटीने मोडला आणि दुसऱ्याने लाकडाने.

जमिनीचा प्रश्न मात्र तसाच भिजत पडला. १०७ साली मारियसने उत्तर आफ्रिकेतल्या जुगुर्था राजाविरुद्धच्या युद्धासाठी सरळ भूमिहीन लोकांना भरती केलं. याला "मारियसच्या सुधारणा" वगैरे नाव देऊन मोठं पॅकेज केलेलं असतं पुस्तकात, ते मला फारसं पटत नाही, मालमत्तेची अट आधीपासूनच खाली खाली येत होती आणि मारियसने काही कायमचा कायदा केला नाही, त्या एका मोहिमेपुरती सोय केली. पण वाट पडली. आता जो माणूस सैन्यात आला त्याला परत जायला शेत नाही. पगार तुटपुंजा, त्यातून जेवण-कपड्याचे पैसे कापून घेणार. मग १०-१५ वर्षं लढून झाल्यावर याचं पुढे काय? तर सरकारचं उत्तर, काहीच नाही. पेन्शन नावाची गोष्टच नव्हती. द्यायचं तर जनरलने सिनेटच्या किंवा जनसभेच्या मागे लागून त्या त्या वेळी खास कायदा करून जमीन मिळवायची. म्हणजे सैनिकाचं म्हातारपण पूर्णपणे त्याच्या जनरलच्या राजकीय वजनावर. जनरल जिंकला तर तुला शेत, हरला तर तू भिकारी. मग तो सैनिक निष्ठा कोणाला वाहणार, सिनेटला?

८८ साली सुल्लाच्या सैनिकांसमोर जमीन नव्हती, लूट होती, हे खरं आहे. पण गणित तेच, माझं भलं या माणसाच्या हातात आहे, रोममधल्या त्या तीनशे म्हाताऱ्यांच्या नाही.

सुल्ला मग पूर्वेला गेला, मागे मारियस आणि त्याचा साथीदार सिन्ना यांनी रोम घेतलं आणि कत्तल केली, मारियस सातव्यांदा कॉन्सल होऊन काही दिवसांतच मेला. ८३ मध्ये सुल्ला परत आला, पुन्हा युद्ध, ८२ च्या नोव्हेंबरात रोमच्या कोलाइन दरवाजाबाहेर शेवटची लढाई, आणि सुल्ला डिक्टेटर, म्हणजे सगळी सत्ता एकट्याच्या हातात. मग त्याने याद्या लावल्या. फोरममध्ये, म्हणजे रोमच्या मुख्य चौकात, पांढऱ्या पाटीवर नावं, ज्याचं नाव आलं त्याला कोणीही मारावं, मुंडकं आणून दाखवलं की बक्षीस, मेलेल्याची मालमत्ता जप्त, त्याच्या मुलांना निवडणूक लढवायला बंदी. रोज नवीन नावं. बरीचशी नावं राजकारणासाठी नव्हे तर चांगल्या बंगल्यासाठी आणि बागेसाठी घातलेली होती. या जप्तीतून आणि विरोधात गेलेल्या गावांच्या जमिनी काढून घेऊन त्याने आपल्या निवृत्त सैनिकांना वसवलं. बघा, सैनिकाला जमीन मिळाली, पण कशी मिळाली, यादवी जिंकून. हा धडा पुढच्या प्रत्येक सैनिकाने पाठ केला.

यातली गंमत म्हणजे सुल्ला स्वतःला रिपब्लिकचा डॉक्टर समजत होता. सिनेट दुप्पट केली, ३०० ची ६००. ट्रिब्यूनचे पंख छाटले. कुठलं पद किती वयाला आणि कुठल्या क्रमाने, सगळं कायद्यात बसवलं. ७९ मध्ये तर सत्ता सोडून घरी जाऊन बसला. पण एकाच गोष्टीला हात लावला नाही, निवृत्त सैनिकाचं काय करायचं. आणि त्याने नियम कितीही केले तरी सगळ्यांनी बघितलेलं होतं की हा माणूस इथे आला कसा.

शिवाय नियम मोडणारा त्याच्या शेजारीच उभा होता. पॉम्पी. वय २३, पद कुठलंच नाही, बापाच्या इलाख्यातून पिकेनममधून खासगी तीन लीजन उभ्या करून सुल्लाला येऊन मिळाला. सिसिलीत मेसानाच्या लोकांनी कायद्याचा दाखला दिला तर म्हणाला आमच्या कमरेला तलवारी आहेत, आम्हाला कायदे काय वाचून दाखवता. हाच माणूस ७० साली थेट कॉन्सल झाला, वयाच्या ३५ व्या वर्षी, आधीचं एकही पद न भूषवता. सिनेटची बैठक कशी चालवतात हेच त्याला माहीत नव्हतं, म्हणून मित्राकडून, विद्वान वॅरोकडून, एक गाइड लिहून घेतली. मला हा तपशील भयंकर आवडतो.

आता माझ्या मते दुसरी निर्णायक जागा, आणि ही सीझरची नाही, पॉम्पीची आहे. ६२ साल. पॉम्पी पूर्व जिंकून येतोय, मिथ्रिडेटिस संपला, सिरिया घेतला, त्याआधी समुद्री चाचे तीन महिन्यांत साफ केले. रोममध्ये सगळे धास्तावलेले की हा दुसरा सुल्ला होणार. आणि हा इटलीतल्या ब्रुंडिसियम बंदरात उतरला आणि फौज घरी पाठवून दिली! साध्या माणसासारखा रोमला आला. तिजोरीत २०,००० टॅलेंट किमतीची नाणी आणि सोन्याचांदीची भांडी जमा केली असं प्लूटार्क सांगतो. बदल्यात मागणी दोनच, पूर्वेला मी जी व्यवस्था लावली ती मंजूर करा आणि माझ्या सैनिकांना जमीन द्या.

सिनेटने काय केलं असेल? तोंडाला पानं पुसली. लुकुलस हा जुना सेनापती म्हणे एकगठ्ठा मंजुरी नाही, एकेक कलम वाचू. (पॉम्पीने आधी त्याचीच कमान पळवली होती, तो राग.) केटो हा सिनेटर तत्त्वाचा माणूस, त्याचं सगळ्यालाच नाही. कॉन्सल मेटेलस सेलर, ज्याच्या सावत्र बहिणीला पॉम्पीने नुकताच घटस्फोट दिला होता, तो तर पेटलेलाच. पॉम्पीच्या बाजूच्या ट्रिब्यूनने जमिनीचं बिल आणलं, मेटेलसने अडवलं, ट्रिब्यूनने चिडून कॉन्सललाच तुरुंगात टाकलं. मेटेलसने सिनेटची बैठक तुरुंगात बोलावली. ट्रिब्यून दारात बाकडं टाकून त्यावर बसला, कारण ट्रिब्यूनला हात लावता येत नाही. मेटेलस म्हणाला मग भिंत फोडा, तिथून या. शेवटी पॉम्पीलाच लाज वाटून त्याने प्रकरण थांबवायला सांगितलं. वर्गात हा किस्सा सांगितला की पोरं हसतात, पण त्या हजारो सैनिकांचा विचार करा, जग जिंकून आलेत आणि इथे भिंती फोडायच्या गप्पा चालल्यात.

म्हणजे ज्या जनरलने कायदा पाळला, फौज सोडली, त्याचं हसं झालं. समोर एक चाळिशीचा, कर्जात बुडालेला राजकारणी हे सगळं बघत होता, सीझर. ६० साली त्याने पॉम्पी आणि गडगंज श्रीमंत क्रासस यांना एकत्र आणलं आणि ५९ साली कॉन्सल झाल्यावर जमिनीचा कायदा रेटला. सहकारी कॉन्सल बिब्युलसने आडकाठी केली तर त्याच्या डोक्यावर शेणाची टोपली ओतली, मग तो घरी बसून आकाशात अपशकुन बघत राहिला, लोक म्हणायला लागले यंदा कॉन्सल दोन आहेत, ज्युलियस आणि सीझर. सैनिकांना शेवटी जमीन मिळाली, पण सिनेटकडून नाही, सीझरच्या दांडगाईने. मला केटोबद्दल वैयक्तिक आदर आहे पण या बाबतीत त्याने आणि त्याच्या मित्रांनी जी चूक केली तिला तोड नाही.

पुढचं दशक भराभर सांगतो. क्लोडियस आणि मिलो या दोन वैरी राजकारण्यांच्या टोळ्या रस्त्यावर, ५४ च्या निवडणुकीत मतांसाठी इतका पैसा उधार उचलला गेला की रोममधला व्याजदर ४ टक्क्यांवरून ८ वर गेला (तेव्हाचा वक्ता आणि सिनेटर सिसेरो याच्या पत्रात आहे), ५३ मध्ये क्रासस पूर्वेकडच्या पार्थियन लोकांकडून कार्‍हेला मारला गेला, ५२ च्या जानेवारीत क्लोडियसचा खून, समर्थकांनी त्याची चिता थेट सिनेटच्या इमारतीत पेटवली आणि इमारत पण गेली. तिकडे सीझर गॉलमध्ये (साधारण आजचा फ्रान्स) आठ-नऊ वर्षं लढतोय, फौज त्याची झालेली. त्याला भीती एकच, पद सुटलं की केटो केस टाकणार आणि आपण संपणार. पद असेपर्यंत इम्युनिटी होती, म्हणून त्याला गॉलमधूनच पुढच्या कॉन्सलपदाचा फॉर्म भरायचा होता.

आणि सिनेटला युद्ध हवं होतं का? अजिबात नाही. ५० च्या डिसेंबरात क्युरिओ नावाच्या ट्रिब्यूनने प्रस्ताव ठेवला की सीझर आणि पॉम्पी दोघांनी एकदमच फौज सोडावी. मतं पडली ३७० विरुद्ध २२. तीनशे सत्तर! आणि तरी ते २२ जिंकले, कॉन्सल मार्सेलसने बैठक गुंडाळली, पॉम्पीकडे गेला आणि त्याच्या हातात तलवार दिली. ३७० लोक घरी गेले. त्यांच्याकडे फौज नव्हती, त्यांच्या मताला किंमत काय राहणार.

४९ च्या जानेवारीत सीझरने एक लीजन घेऊन, तेरावी, रुबिकॉन ओलांडली. नदी म्हणजे ओढाच आहे, नेमका कुठला यावर पण वाद होते. आता तो मघाचा आकडा आठवा. ८८ साली सुल्लाबरोबर एक अधिकारी राहिला, बाकी सगळे गेले. ४९ साली सीझरच्या बड्या सरदारांपैकी सोडून गेला फक्त एक, लाबियेनस. बाकी सगळे राहिले. ३९ वर्षांत एवढा फरक पडला. मला विचाराल रिपब्लिक कधी मेलं तर या दोन आकड्यांच्या मध्ये कुठेतरी, नेमकी तारीख मागू नका.

काही जण म्हणतील लोकांची नैतिकता घसरली म्हणून सगळं झालं, कार्थेज पडल्यावर ऐषआराम आला वगैरे. हे त्या काळच्या इतिहासकार सॅलस्टचं म्हणणं, आणि सॅलस्टला स्वतःला गैरवर्तनावरून सिनेटमधून काढलं होतं, नंतर आफ्रिकेचा गव्हर्नर झाला तेव्हा लोकांना लुबाडल्याचा आरोप पण झाला. त्याचं वाचा जरूर, लिहितो झकास.

सीझरचा खून ४४ च्या १५ मार्चला झाला, २३ वार, आणि मारणाऱ्या ब्रुटस मंडळींना वाटलं आता रिपब्लिक आपोआप परत येईल. प्लॅनमध्ये मारणं होतं, दुसऱ्या दिवशीचं काहीच नव्हतं. शहरात सीझरचे निवृत्त सैनिक जमिनीच्या वाटपाची वाट बघत थांबलेले, त्यांना एकच काळजी, कबूल केलेलं शेत मिळणार की नाही. ज्याने हो म्हटलं त्याच्या मागे ते गेले. आधी सीझरचा सरदार अँटनी, मग सीझरचा १८ वर्षांचा दत्तक वारस ऑक्टेव्हियन, ज्याने पदरच्या पैशाने खासगी फौज उभी केली आणि पुढे म्हातारपणी स्वतःच्या कर्तृत्वाच्या शिलालेखात पहिल्याच वाक्यात ते अभिमानाने कोरलं. ४३ साली त्याचा एक सेंच्युरियन (सैनिकांच्या छोट्या तुकडीचा नायक) सिनेटमध्ये गेला, ऑक्टेव्हियनला कॉन्सल करा म्हणाला, सिनेटर कुरकुरले तर अंगावरचा झगा बाजूला करून तलवारीची मूठ दाखवली, तुम्ही नाही केलं तर ही करेल. झाला, वयाच्या १९ व्या वर्षी. मग परत याद्या, सिसेरोचं मुंडकं आणि हात फोरममधल्या व्यासपीठावर, आणि सैनिकांना वाटायला इटलीतल्या १८ शहरांच्या जमिनी हेरून ठेवलेल्या.

मग ऑक्टेव्हियनने अँटनीला अ‍ॅक्टियमच्या लढाईत हरवलं, ३१ साल, आणि पुढे ऑगस्टस हे नाव घेतलं. पण लोक जे विसरतात ते हे, ऑगस्टस झाल्यावर या माणसाने तो जुना प्रश्न शेवटी कसा मिटवला. इसवी सन ६ मध्ये त्याने सैनिकांसाठी वेगळी तिजोरी काढली, स्वतःच्या खिशातून १७ कोटी सेस्टर्स (रोमन नाणी) घातले, आणि पुढे पैसा येत राहावा म्हणून वारसाहक्कावर ५ टक्के आणि लिलावावर १ टक्का कर. सेवा पूर्ण केली की साध्या सैनिकाला १२,००० सेस्टर्स रोख, जनरल कोण होता हा प्रश्नच नाही. ग्राकसपासून बघितलं तर १३८ वर्षं लागली. सिनेटर लोकांनी या ५ टक्क्यांवरून वर्षानुवर्षं कटकट केली, तेव्हा ऑगस्टस म्हणाला ठीक आहे, दुसरा मार्ग सुचवा, आणि माणसं पाठवून त्यांच्या जमिनी-घरांची मोजणी सुरू केली, म्हणजे आता जमिनीवर कर बसणार. त्यानंतर कोणी वारसाकराबद्दल तक्रार केली नाही.